टीव्हीच्या बोर्डात सॉफ्टवेअर मारण्याआधी

गडहिंग्लजहून एका तरुण कारागिरानं विचारलंय : "३२ इंची असेंबल स्मार्ट टीव्ही आलाय. लोगोवर अडकत होता. बोर्ड टीपी.एमएस३३८.पीबी८०३. ग्रुपवर त्याच नंबरची सॉफ्टवेअरची फाईल मिळाली, पेनड्राइव्हनं मारली. टीव्ही चालू झाला, पण चित्र उलटं, रंग निगेटिव्हसारखे आणि रिमोट चालत नाही. गिऱ्हाईक रोज फोन करतंय. बरोबर फाईल कुठं मिळेल? आणि बोर्ड न घालवता ती टाकायची कशी?"

भावा, पहिल्यांदा गिऱ्हाइकाला दोन दिवस मागून घे आणि त्या बोर्डावर अजून एकही फाईल मारू नको. तुझा बोर्ड जिवंत आहे. लोगो ओलांडून चित्र येतंय म्हणजे बूटलोडर (टीव्ही सुरू करणारा पहिला छोटा प्रोग्राम) शाबूत आहे, रॅम जुळली आहे, मेमरीही जुळली आहे. बिघडलंय ते फक्त पॅनेलशी, म्हणजे पडद्याशी, आणि रिमोटशी असलेलं नातं. घाईत तिसरी फाईल मारलीस आणि तिच्यात रॅमची मांडणी वेगळी निघाली, तर आत्ता जे जिवंत आहे तेही जाईल. मग पेनड्राइव्ह लावून उपयोग नाही, बोर्डावरची चिप (आयसी) काढायची वेळ येते.

उलटं चित्र आणि बिघडलेले रंग बहुतेक वेळा नवीन फाईल न घालताच सुटतात. सर्व्हिस मेनूत (कारागिरांसाठीच्या लपलेल्या सेटिंगमध्ये) पॅनेलच्या भागात मिरर किंवा फ्लिप असतं, ते बदललं की चित्र सरळ होतं. रंगांसाठी तिथंच एलव्हीडीएस मॅप (बोर्डाकडून पॅनेलकडं जाणाऱ्या बिटांची मांडणी) बघ. व्हेसा आणि जेईडा अशा दोन पद्धती आहेत. बोर्ड एका पद्धतीनं बिट पाठवतो, पॅनेल दुसरीनं वाचतं आणि माणसाचं तोंड एक्स-रे फिल्मसारखं दिसतं. मॅप पलटला की जागेवर रंग येतात. मेनूत हा पर्याय नसेल तर पॅनेलच्या डेटाशीटमध्ये सेलएलव्हीडीएस नावाची पिन शोध. ती ग्राउंडला आहे की ३.३ व्होल्टला, यावर पॅनेल कुठली पद्धत मानतं ते ठरतं.

आता रिमोटच चालत नाही तर मेनूत जायचं कसं? बोर्ड अँड्रॉइडचा आहे, साधा यूएसबी माऊस लाव, नेहमीच्या सेटिंगपर्यंत जाशील. सर्व्हिस मेनूला मात्र रिमोट लागतोच. दुकानात पडलेले सगळे जुने असेंबल टीव्हीचे रिमोट एकेक करून दाबून बघ. इन्फ्रारेड असलेला जुना मोबाईलही कामाला येतो. एकदा का रिमोट लागला की सोर्स दाबून २५८० किंवा मेनू दाबून ११४७, या दोन्हींपैकी एक बहुतेक असेंबल बोर्डांवर चालतो. आत गेल्यावर एक काम आधी : प्रत्येक पानाचा मोबाईलवर फोटो. मग एका वेळी एकच गोष्ट बदल.

हे झालं तातडीचं. आता तुझं चुकलं कुठं ते बघू, कारण ही चूक मीही केली आहे आणि कोल्हापूरच्या शाहूपुरीत माझ्या टेबलावर येणाऱ्या निम्म्या 'दुसरीकडं दाखवून आणलेल्या' टीव्हींची गोष्ट हीच असते.

तू बोर्डाचा नंबर जुळवलास. फाईल मात्र नुसत्या बोर्डाची नसते. ती बोर्ड, पॅनेल, रॅम, मेमरी, रिमोट आणि वायफाय मॉड्यूल अशा सगळ्या जोडणीची असते. तोच बोर्ड एक कंपनी १३६६ बाय ७६८ च्या पॅनेलला लावते, दुसरी १९२० बाय १०८० च्या. बाहेर नाव वेगळं, खोका वेगळा, आत बोर्ड तोच. म्हणून फाईल शोधायला बसण्याआधी टीव्ही पूर्ण उघडायचा आणि पॅनेलच्या पाठीवरचं स्टिकर वाचायचं. नुसता बोर्ड दिसेल एवढंच झाकण सरकवून चालत नाही. तिथं एचव्ही३२०डब्ल्यूएचबी-एन८० असं काहीतरी असेल. हाच खरा पत्ता. त्यावरून रिझोल्यूशन कळतं, केबलच्या पिना कळतात, पॅनेलचा व्होल्टेज कळतो. पॅनेलचा व्होल्टेज बऱ्याच बोर्डांवर जंपरनं ठरतो, फाईल बदलून तो बदलत नाही. पाच व्होल्टच्या पॅनेलला बारा गेले तर टी-कॉन (पॅनेल चालवणारी पाटी) जातो आणि दोष मात्र सॉफ्टवेअरच्या नावावर लागतो.

मग प्रोसेसरवरचं हीटसिंक. ते चिकटवलेलं असेल तर उपटू नको, जवळच्या रॅमच्या चिपांचे नंबर टिपले तरी पुरतं. फाईलच्या नावात ५१२एम_४जी किंवा १जी_८जी असे तुकडे दिसतात, ते रॅम आणि इएमएमसीचे (सॉफ्टवेअर साठवणाऱ्या मेमरी चिपचे) आकार. पाचशे बारा एमबीच्या बोर्डावर एक जीबीची फाईल पडली तर बूटलोडर नसलेली रॅम शोधत बसतो. टीव्ही पूर्ण मुका, स्टँडबायचा लाल दिवा तेवढा.

आणि आता माझ्या लेखी सगळ्यांत मोठी गोष्ट : लिहायच्या आधी जुनं वाचून ठेवणं. लोगोवर अडकलेल्या टीव्हीतली फाईल खराब असली तरी ती सोन्याची आहे. तिच्यात त्या टीव्हीचा नेटवर्कवरचा ओळख क्रमांक म्हणजे मॅक अॅड्रेस आहे, एचडीसीपीची की आहे, वाइडवाइनची की आहे (दोन्ही संरक्षित सिनेमे दाखवायच्या डिजिटल किल्ल्या), पॅनेलची सेटिंग आहे. हे जगातल्या दुसऱ्या कुठल्याही फाईलमध्ये मिळणार नाही.

माझं सांगतो. एका पावसाळ्यात ४३ इंचीचं काम होतं. गिऱ्हाईक महाद्वार रोडचं, दुकानदार माणूस, रात्री टीव्हीशिवाय जेवण जात नाही म्हणणारं. मी पेनड्राइव्ह लावला, दिवा लुकलुकायला लागला आणि दीड मिनिटात लाईट गेली. इन्व्हर्टर होता, पण टेबलाचा प्लग त्या लाइनवर नव्हता. लाईट आली तेव्हा बोर्ड मेलेला. जुनी फाईल काढलेली नव्हती. अकरा दिवस शोधत होतो. शेवटी इचलकरंजीतल्या एका ओळखीच्या कारागिराकडं तंतोतंत तोच टीव्ही दुरुस्तीला आला, त्यानं त्याचा डंप (मेमरीची पूर्ण प्रत) वाचून पाठवला. टीव्ही चालू झाला. आठ दिवसांनी मालक परत : "सिनेमा पहिल्यासारखा स्वच्छ दिसत नाही." दुसऱ्या टीव्हीच्या की घातल्यामुळं वाइडवाइनचा वरचा दर्जा गेला होता आणि ओटीटीचं अॅप हाय डेफिनिशन द्यायला तयार नव्हतं. ते मला कधीच परत आणता आलं नाही. पैसे कमी घेतले आणि विषय मिटवला. तेव्हापासून टेबलाची लाइन इन्व्हर्टरवर आहे आणि वाचल्याशिवाय लिहिणं बंद.

वाचायचं कसं, ते मेमरी कुठली आहे त्यावर. साध्या, बिनस्मार्ट बोर्डांवर आठ पायांची एसपीआय फ्लॅश नावाची छोटी मेमरी चिप असते, २५क्यू३२, २५क्यू६४ असे नंबर. स्मार्ट बोर्डांवर मोठी फाईल इएमएमसीत असते, ४ किंवा ८ जीबीची.

एसपीआयसाठी बहुतेकांकडं सीएच३४१ए हा प्रोग्रामर (चिप वाचणारं-लिहिणारं यंत्र) असतो, काही शे रुपयांचा. चांगला आहे, पण त्याच्या काळ्या बोर्डाच्या जुन्या बनावटीत एक खोट आहे : चिपला पुरवठा ३.३ व्होल्टचा जातो, पण डेटाच्या तारांवर ५ व्होल्ट येतात. मीटर लावून एकदा मोज. शिवाय आयसीचं पूर्ण नाव वाच. डब्ल्यू२५क्यू६४एफव्ही ही ३.३ व्होल्टची आणि डब्ल्यू२५क्यू६४एफडब्ल्यू ही १.८ ची. एका अक्षराचा फरक आहे, भिंग घेऊनच बघ. १.८ वालीला अॅडॉप्टर लावल्याशिवाय हात लावायचा नाही.

बोर्डावरच क्लिप लावून वाचलंस तर बऱ्याचदा वाचन चुकतं. प्रोग्रामरचा ३.३ व्होल्ट सगळ्या बोर्डाला जातो, प्रोसेसर अर्धवट जागा होतो आणि त्याच तारांवर बोलायला लागतो. म्हणून दोनदा वाच आणि दोन्ही फाईली ताडून बघ. एका बाइटचाही फरक निघाला तर आयसी काढून सॉकेटमध्ये वाच. २५क्यू६४ ची फाईल बरोबर ८३,८८,६०८ बाइटची भरते, कमी नाही, जास्त नाही. उघडून बघितल्यावर शेवटाला एफएफ एफएफची (म्हणजे रिकाम्या जागेची) रांग असणं ठीक. पहिल्यापासून शेवटपर्यंत एफएफच असेल तर तू काहीच वाचलेलं नाहीस, क्लिप नीट बसलेली नाही.

वाचताना टीव्हीचा प्लग भिंतीतून काढलेला हवा. स्विच बंद असणं पुरेसं नाही. तुझा हा बोर्ड कॉम्बो आहे, पॉवर सप्लाय त्याच पाटीवर. मोठ्या कपॅसिटरवर सव्वातीनशे व्होल्टच्या आसपास साठतात आणि प्लग काढल्यावरही काही वेळ राहतात. मीटरनं शून्य बघितल्याशिवाय क्लिप लावू नको. तुझा जीव तर आहेच, लॅपटॉपही जाईल.

इएमएमसीचं प्रकरण वेगळं. आरटी८०९एच किंवा तसला बॉक्स (मोठा प्रोग्रामर) असेल तर सीएमडी, सीएलके, डेटा-शून्य, दोन पुरवठे आणि ग्राउंड एवढ्या तारा बोर्डावरच्या पॉइंटांना डकवून वाचता येतं. बॉक्स नसेल तरी हात बांधलेले नाहीत. तुझ्या बोर्डाचा प्रोसेसर एमस्टारचा आहे (ती कंपनी आता मिडियाटेकमध्ये विलीन झाली). यूएसबी-टीटीएल केबल (लॅपटॉपला बोर्डाच्या सिरियल तारांशी जोडणारी) घे, टीव्हीचा टीएक्स (पाठवणारी तार), आरएक्स (घेणारी तार) आणि ग्राउंड जोड, वेग ११५२००. व्हीजीए सॉकेट असलेल्या एमस्टार बोर्डांवर या तारा बऱ्याचदा व्हीजीएच्या पिनांवरच मिळतात, नाहीतर चार पिनांचा रिकामा कनेक्टर शोध. लॅपटॉपवर टर्मिनल प्रोग्राम उघडून एंटर दाबून धर आणि टीव्हीला पुरवठा दे. कंसात एमस्टार लिहिलेला प्रॉम्प्ट आला की बूटलोडर तुझ्याशी बोलतोय. इथून इएमएमसीबिन या कमांडनं पेनड्राइव्हवर मेमरीची प्रत निघते. कस्टार या कमांडनं उलट, पेनड्राइव्हवरची फाईल आत जाते. रिमोट, बटण, स्क्रीन काहीही चालत नसताना हा मागचा दरवाजा उघडा असतो. या कामाला पुरवठा चालू लागतो, म्हणून हात फक्त मेनबोर्डाच्या बाजूला, पॉवरच्या बाजूवर पुठ्ठा झाक.

टर्मिनलवर सरकणाऱ्या ओळी म्हणजे लॉग. तो नुसता वाचायलाही शीक. लोगोवर अडकलेला प्रत्येक टीव्ही सॉफ्टवेअरचा नसतो. माझ्याकडं आलेल्यांत वायफाय मॉड्यूल खराब असलेले बरेच निघालेत. मॉड्यूलची केबल काढली की टीव्ही सरळ होमपर्यंत जातो. हे करायला एक मिनिट लागतं आणि तू ते बहुतेक केलेलं नसशील. तसंच ५, ३.३ आणि रॅमचे १.५ व्होल्ट, प्रोसेसरचा एकच्या आसपासचा कोअर व्होल्ट मोज. कपॅसिटर फुगून व्होल्ट हलत असेल तर जगातली सगळ्यांत बरोबर फाईलही अर्ध्यात अडकेल. २०१९ आणि २०२१ च्या पुरानंतर पंचगंगेचं पाणी प्यालेले टीव्ही घेऊन लोक यायचे, "सॉफ्टवेअर मारून बघा" म्हणायचे. प्रोसेसरच्या पोटाखाली चिखल वाळलेला, तिथं फाईल काय करणार.

आणखी एक : फाईल मारली, पंधरा दिवस चालला, परत लोगोवर आला. असं झालं तर पुन्हा मारू नको. ही इएमएमसी झिजल्याची खूण आहे. नव्या पिढीच्या चिपांत एक्स्टसीएसडी नावाच्या तक्त्यात २६७ ते २६९ या जागांवर चिपनं स्वतःचं किती आयुष्य संपलं ते लिहिलेलं असतं, बॉक्सनं वाचता येतं. चिप बदललीस तर त्याच तक्त्यातली १७९ नंबरची जागा जुन्या चिपसारखी करायला विसरू नको. तिथं बूट कुठून घ्यायचं ते ठरतं. डंप बरोबर, सोल्डरिंग बरोबर, तरी बोर्ड मेलेला, अशा वेळी मी निम्मा दिवस डोकं खाजवलंय आणि उत्तर या एका बाइटमध्ये निघालंय.

आता फाईल कुठं मिळेल. नामांकित कंपन्यांचा टीव्ही असेल तर शोध सोपा : एलजी, सॅमसंग, सोनी यांच्या सपोर्ट पानावर मॉडेल नंबर टाकायचा. एलजीची फाईल पेनड्राइव्हवर एलजी_डीटीव्ही नावाच्या फोल्डरमध्ये ठेवायची असते, नाव चुकलं तर टीव्ही तिकडं बघतही नाही. असेंबल टीव्हीला मात्र असं पान नसतं. तिथं मी आधी ज्या दुकानातून टीव्ही घेतलाय त्याच्यामार्फत असेंबल करणाऱ्याला फोन लावतो. लोक हे करत नाहीत, पण टीव्हीच्या पाठीवरचा सिरियल नंबर आणि पॅनेल स्टिकरचा फोटो पाठवला तर बऱ्याचदा त्याच लॉटची फाईल मिळते. युनिव्हर्सल बोर्ड मुंबईहून, लॅमिंग्टन रोडवरून मागवत असशील तर पैसे देण्याआधीच पॅनेल नंबर सांग आणि त्या पॅनेलची फाईल बोर्डासोबत माग. नंतर कोण फोन उचलत नाही.

मग कारागिरांचे ग्रुप. तिथं "एमएस३३८ ची फाईल आहे का" असं विचारलंस तर दहा फाईली येतील आणि दहाही तुझ्यासाठी निरुपयोगी असतील. बोर्डाचा फोटो, पॅनेल स्टिकरचा फोटो, रॅम-मेमरी, रिमोटचा फोटो आणि लॉगच्या पहिल्या वीस ओळी टाक. देणारा माणूस तुझ्यासाठी शोधायला बसतो. त्याला एक विचार : ही फाईल तू स्वतः टीव्हीतून वाचलीस का, की कुणाकडून आली? स्वतः वाचलेली असेल तर अर्धी काळजी मिटली.

इंटरनेटवरच्या डाउनलोड साइटींचं माझं मत चांगलं नाही, पण वापरतो मीही. फर्मवेअर म्हणून एक्झी फाईल हातात देणारी, किंवा 'डाउनलोड मॅनेजर' टाका म्हणणारी साइट लगेच बंद कर. असेंबल एमस्टार बोर्डाची फाईल बिन असते, अँड्रॉइडची अपडेट झिप असते, रिअलटेक बोर्डाची बऱ्याचदा इन्स्टॉल डॉट आयएमजी असते. पासवर्डसाठी पैसे मागणाऱ्या फाईलमध्ये बहुतेक वेळा तीच चकट फू मिळणारी फाईल असते. माझा डाउनलोडचा लॅपटॉप वेगळा आहे, जुनाट, त्यावर बँकेचं काही नाही. फाईल आल्यावर आकार बघतो, सांगितलेला एमडी५ (फाईल तंतोतंत तीच आहे हे तपासायचा आकडा) असेल तर जुळवतो. चारशे एमबी म्हटलेली फाईल दोनशे ऐंशीला संपली असेल तर ती अर्धवट उतरलेली आहे, टीव्हीत घालायची नाही.

घालताना : ४ किंवा ८ जीबीचा जुना पेनड्राइव्ह, यूएसबी २ चा, एफएटी३२ केलेला. चौसष्ट जीबीचा नवा भारी पेनड्राइव्ह बूटलोडरला बऱ्याचदा दिसत नाही. फाईल कुठल्याही फोल्डरमध्ये नको, थेट उघड्यावर. नाव जसं हवं तसंच, बरेच एमस्टार बोर्ड ठराविक नावच शोधतात. विंडोजनं शेपटाला अजून एक डॉट बिन लपवून ठेवलेलं नाही ना ते बघ, यात मोठी माणसंही फसतात. वायफाय मॉड्यूल, एचडीएमआय, सेट-टॉप बॉक्स सगळं काढ. टीव्हीचं पॉवर बटण दाबून धर, पुरवठा दे, दिवा भराभर लुकलुकायला लागला की बटण सोड. मग हात मागं. चहा पिऊन ये, पण टीव्हीच्या प्लगजवळ पोरं फिरकणार नाहीत एवढं बघ. स्क्रीन काळी राहिली म्हणून मधेच बंद करायचं नाही, दिवा लुकलुकतोय तोवर काम चालू आहे.

चालू झाल्यावर बॅकलाइट बघ. नवीन फाईल बऱ्याचदा बॅकलाइट पूर्ण शंभरावर ठेवते. एलईडी पट्टीचा करंट मोज आणि सर्व्हिस मेनूतून कमी कर, नाहीतर सहा महिन्यांत पट्टी जळून टीव्ही परत तुझ्याच दारात. घरात दोन टीव्ही असतील तर मॅक अॅड्रेसही बघ. एकाचा डंप दुसऱ्यात गेला असेल तर राउटरवर दोघं भांडतात, एक चालू झाला की दुसऱ्याचं नेट जातं.

तुझ्या टीव्हीपुरतं : वायफायची केबल काढ, माऊस लाव, जुने रिमोट गोळा कर, मिरर आणि मॅप बदलून बघ. आत्ता आत जे आहे त्याचीही प्रत काढ, कारण काही बोर्डांवर पेनड्राइव्हनं अपडेट केल्यावरही की असलेला भाग तसाच राहतो. तुझा मॅक आणि की अजून आत असण्याची शक्यता आहे. तरीही रंग आले नाहीत तर पॅनेलच्या स्टिकरचा उजेडात काढलेला फोटो आणि लॉगच्या त्या वीस ओळी इथं टाक. माझ्याकडं या बोर्डाचे वाचलेले डंप आहेत, पण पॅनेल बघितल्याशिवाय एकही देणार नाही.